गुडघ्याबरोबर सायकलही तपासा

काही वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या गावातले एक निवृत्त गुरुजी रक्तातली साखर वाढली म्हणून माझ्या दवाखान्यात आले. गोळ्या सुरू केल्या, पथ्यपाणी सांगितले आणि व्यायामाचा विषय निघाला. गुरुजी म्हणाले, "डॉक्टरसाहेब, नुसते चालायचा मला कंटाळा येतो. पण घरात जुनी सायकल पडून आहे. ती चालवली तर चालेल का?" मला आनंदच झाला. रोज अर्धा तास, आठवड्यातून पाच दिवस, असे मी केसपेपरवर लिहूनही दिले.

सव्वा महिन्याने गुरुजी लंगडत आले. दोन्ही गुडघे पुढच्या बाजूने, वाटीच्या आसपास दुखत होते. जिना उतरताना तर फारच. मी गुडघे हलवून पाहिले. सूज नव्हती, गरमपणा नव्हता. वयोमानाप्रमाणे थोडी झीज असणार असे मनाशी धरले, वेदनाशामक गोळ्या लिहिल्या आणि सांगितले, "गुरुजी, सायकल बंद करा."

गुरुजी आज्ञाधारक. सायकल पुन्हा अडगळीत गेली. गुडघे हळूहळू थांबले; पण तीन महिन्यांनी तपासणी केली तेव्हा साखर वर गेलेली, वजन वाढलेले. मला गोळीचा डोस वाढवावा लागला. त्यात माझे काही चुकले आहे, हे तेव्हा माझ्या ध्यानीमनीही नव्हते.

ते ध्यानात आणून दिले आमच्या चौकातल्या सायकलवाल्या मिस्त्रींनी. माझ्या मुलाच्या सायकलचे पंक्चर काढायला गेलो होतो, तर दुकानात गुरुजींची सायकल उभी. विकायला ठेवली होती. मी सहज म्हणालो, "गुरुजींचे गुडघे धरले हो या सायकलीने." मिस्त्री हसले आणि म्हणाले, "साहेब, गुडघ्याला काय झालं ते तुम्ही बघा. पण ही सीट बघा आधी. माणूस पाटावर बसल्यासारखा बसायचा नि पायडल मारायचा. गुडघा दुखणार नाही तर काय?"

सीट खरोखरच अगदी खाली, फ्रेमला टेकलेली होती. पुढे ब्रेक ओढून पाहिला, तर मागचे गट्टे सारखे रिमला घासत होते. टायरमध्ये हवा अर्धीच. मी रुग्णाची नाडी पाहिली, रक्तदाब पाहिला, साखर पाहिली. पण ज्या सायकलीवर त्याला बसवले ती काही पाहिली नाही. औषधाच्या बाटलीवरची तारीख पाहिल्याशिवाय आपण औषध देत नाही. मग सायकल हे औषध म्हणून देताना ती तपासायला नको का?

त्या दिवसापासून व्यायामासाठी सायकल सांगितली की मी रुग्णाला म्हणतो, "एकदा सायकल घेऊनच या." आजचा लेख त्याच अनुभवातून लिहीत आहे.

सायकल गुडघ्याची शत्रू नव्हे

जागतिक आरोग्य संघटनेने २०२० साली दिलेल्या मार्गदर्शनानुसार प्रौढ माणसाने आठवड्याला १५० ते ३०० मिनिटे मध्यम श्रमाचा व्यायाम करावा. सायकलीवरून रोज अर्धा तास, असे पाच दिवस फिरले की १५० मिनिटे होतात. मधुमेह, रक्तदाब, वाढलेले वजन या सर्वांना त्याचा उपयोग आहे. शिवाय सायकलीवर शरीराचे बरेचसे वजन सीटवर येते, गुडघ्यावर येत नाही. म्हणूनच ज्यांना चालताना गुडघे दुखतात अशा पुष्कळांना सायकल मानवते.

मग गुरुजींचे गुडघे का दुखले? साधा हिशेब करू. पायडलचे मिनिटाला ६० फेरे धरले, तर अर्ध्या तासात प्रत्येक गुडघा १८०० वेळा वाकतो आणि सरळ होतो. सीट फार खाली असेल तर पायडल वर येताना गुडघा गरजेपेक्षा जास्त दुमडतो आणि तशा दुमडलेल्या अवस्थेतच जोर लावावा लागतो. गुडघ्याची वाटी मांडीच्या हाडावर दाबली जाते. एकदा दाबली तर काही होत नाही. पण रोज १८०० वेळा दाबली, की गुडघ्याच्या पुढच्या बाजूला दुखू लागते.

उलट, सीट फार उंच असेल तर पायडल खाली जाताना पाय ताणला जातो. गुडघ्याच्या मागच्या बाजूला दुखते, कमरेचा भाग सीटवर डावी-उजवीकडे डुलतो आणि कंबरही धरते. म्हणून एक खूणगाठ बांधून ठेवा : गुडघा पुढून दुखला तर सीट खाली असल्याचा संशय घ्यावा, मागून दुखला तर सीट उंच असल्याचा.

सीटची उंची कशी ठरवावी?

सायकल भिंतीला लावा, किंवा घरातल्या कुणाला तरी धरायला सांगा. नेहमीची पादत्राणे घालून सीटवर नीट मध्यभागी बसा. एक पायडल अगदी खाली आणा आणि त्यावर टाच ठेवा. या स्थितीत पाय गुडघ्यात सरळ व्हायला हवा. पण टाच पोचण्यासाठी कमरेतून कलावे लागता कामा नये. सीट त्या उंचीवर पक्की करा. सायकल चालवताना मात्र पायडलवर टाच ठेवायची नाही, चवडा ठेवायचा. चवडा ठेवला की पाय सर्वांत खाली असतानाही गुडघ्यात थोडा बाक राहतो. तेवढाच हवा.

येथे बहुतेक जण तक्रार करतात, "डॉक्टर, मग पाय जमिनीला टेकत नाहीत हो!" सीटवर बसून दोन्ही तळपाय जमिनीला टेकलेच पाहिजेत, ही आपली लहानपणापासूनची समजूत. त्यासाठीच सीट खाली केली जाते. खरे तर थांबताना सीटवरून पुढे उतरून एक पाय जमिनीवर टेकवायचा असतो. ज्यांना भीती वाटते त्यांनी सीट एकदम वर घेऊ नये. आठवड्याला अर्धा इंच अशी चढवत जावे. शरीरालाही सवय होते आणि मनालाही. ज्यांचा तोल जातो अशा वृद्धांनी मध्ये दांडा नसलेली, वाकलेल्या फ्रेमची सायकल घ्यावी. चढणे-उतरणे सोपे जाते.

सीट वर घेताना तिची दांडी फ्रेमच्या नळीत निदान अडीच इंच आत राहिली पाहिजे. पुष्कळ दांड्यांवर तशी रेघच कोरलेली असते. ती रेघ बाहेर दिसू लागली की दांडी वाकण्याचा किंवा मोडण्याचा धोका असतो. तेव्हा लांब दांडी घ्यावी. हँडलच्या दांडीलाही हाच नियम.

सीट जमिनीला समांतर असावी. तिचे टोक वर उचललेले असेल तर जांघेच्या मधल्या भागावर दाब येतो आणि तेथे बधिरपणा किंवा मुंग्या येतात. टोक फार खाली झुकले असेल तर माणूस पुढे घसरतो आणि सगळा भार तळहातांवर येतो. त्यामुळे तळहाताच्या करंगळीकडच्या बाजूची नस दाबली जाऊन करंगळी आणि अनामिका बधिर होतात. असे झाले तर आधी सीट सरळ करा, हँडल थोडे वर घ्या आणि चालवताना हातांची जागा अधूनमधून बदला. एवढे करूनही बधिरपणा राहिला तर दाखवायला यावे.

दम लागतो? आधी छाती, मग हवा

सायकल चालवताना छातीत दुखले, जबडा किंवा डावा हात भरून आला, घेरी आली किंवा नेहमीपेक्षा वेगळाच दम लागला तर ताबडतोब थांबा आणि डॉक्टरांना दाखवा. तेथे सायकलीला दोष देत बसू नये. गुडघा सुजला, अडकू लागला किंवा रात्री विश्रांती घेतानाही ठणकू लागला, तरीही तपासून घ्यावे.

शरीर तपासून झाले, तेथे काही दोष नाही, आणि तरीही "पूर्वी इतका त्रास व्हायचा नाही" असे वाटत असेल, तर सायकलीकडे वळा. दोन चाचण्या पुरेत. सायकल उचलून चाक हाताने फिरवा. चांगले चाक बराच वेळ फिरत राहते आणि हळूहळू थांबते. दोन-तीन फेऱ्यांतच थांबले तर गट्टे घासत असतील, चाकात आउट असेल किंवा हबमधले ग्रीस वाळलेले असेल. दुसरी चाचणी हवेची. टायरच्या बाजूवर किती हवा भरायची तो आकडा छापलेला असतो. पंपावर काटा नसेल तर टायर अंगठ्याने दाबून पाहा. जेमतेम दबला पाहिजे. हवा कमी असली की टायर रस्त्यावर चपटा होतो, प्रत्येक पायडलला जास्त जोर लागतो आणि खड्ड्यात रिम ट्यूबवर आपटून पंक्चर होते. अशा पंक्चरला ट्यूबवर जवळजवळ दोन भोके पडतात. खिळा किंवा काटा सापडला नाही आणि भोके दोन असली, तर दोष रस्त्याचा कमी आणि आपल्या आळसाचा जास्त समजावा.

रात्रीतून हवा उतरते आणि पंक्चर मात्र सापडत नाही, असा अनुभव पुष्कळांना असेल. साध्या सायकलीच्या वॉल्व्हमध्ये एक बारीक रबरी नळी असते. ती वाळते आणि चिरते. वॉल्व्हच्या तोंडावर पाण्याचा थेंब ठेवा; बुडबुडे आले तर नळी बदला. काम पाच मिनिटांचे आहे.

ब्रेक : येथे काटकसर नको

दवाखान्यात सायकलीवरून पडलेले रुग्ण येतात. त्यांना मी आता एक प्रश्न हटकून विचारतो, "ब्रेक लागत होता का?" उत्तर पुष्कळदा असे येते, "मागचा लागतो, पुढचा कधीचा तुटलाय." वाचकहो, ब्रेक लावल्यावर शरीराचा भार पुढच्या चाकावर येतो. म्हणून थांबवण्याची जास्त ताकद पुढच्या ब्रेकची असते. तो एकदम करकचून लावला तर माणूस पुढे फेकला जातो, हे खरे. पण म्हणून तो काढून टाकणे हा उपाय नव्हे. दोन्ही ब्रेक एकदम आणि हळूहळू दाबत नेण्याची सवय हवी.

ब्रेकचा दांडा पूर्ण दाबला तरी हँडलच्या मुठीला टेकता कामा नये. टेकला तर तार ओढून घ्या किंवा गट्टे बदला. गट्ट्यावरच्या खाचा झिजून गेल्या किंवा आतले लोखंड दिसू लागले की तो गट्टा संपला. गट्टा रिमवरच लागला पाहिजे, टायरवर नव्हे. टायरवर लागला तर काही दिवसांत टायर फाटतो. ब्रेकच्या तारेचा एखादा पदर सुटलेला दिसला तर तार लगेच बदला, उरलेले पदर फार दिवस टिकत नाहीत. आणि रिमवर किंवा डिस्कब्रेकच्या चकतीवर तेलाचा थेंबही पडू देऊ नका.

पावसाळ्यात आणखी एक गोष्ट. चकचकीत लोखंडी रिम ओली झाली की गट्टे तिच्यावरून घसरतात आणि ब्रेक फारच उशिरा लागतो. पावसात वेग कमी ठेवावा आणि उतार येण्याआधीच ब्रेक हलके दाबून रिम पुसून घ्यावी.

मुलांच्या सायकली

मुलांच्या सायकलीबद्दल चार गोष्टी वेगळ्या सांगायला हव्यात, कारण त्यांत मोठ्यांपेक्षा मुलांना जास्त इजा होते.

पहिली गोष्ट हँडलच्या टोकाची. हँडलच्या मुठी फाटतात, निघून जातात आणि नळीचे उघडे तोंड तसेच राहते. मूल पडताना हँडल फिरते आणि ते तोंड पोटात घुसते. पोटावर फक्त एक गोल वळ दिसतो, मूल थोडा वेळ रडून खेळायलाही लागते. पण आत यकृत, प्लीहा, स्वादुपिंड किंवा आतडे यांना मार बसलेला असू शकतो. त्याची लक्षणे काही तासांनी, कधी दुसऱ्या दिवशी दिसतात. हँडल पोटात लागले असेल, पोट दुखत असेल, उलटी होत असेल किंवा मूल फिकट पडले असेल, तर "जखम तर दिसत नाही" म्हणून घरी बसू नका. थेट रुग्णालयात न्या. आणि मुळात हे टाळण्यासाठी काय लागते? टोक बंद असलेली एक रबरी मूठ. सायकलच्या दुकानात याहून स्वस्त वस्तू फारशा नसतील.

दुसरी गोष्ट कॅरिअरवर बसलेल्या लहान मुलाच्या पायाची. पाय चाकाच्या तारांत जातो, घोटा चिरडला जातो आणि टाचेमागची कातडी सोलून निघते. ही जखम पहिल्या दिवशी लहान दिसते, दोन-तीन दिवसांनी चिघळते. म्हणून डॉक्टरांना लगेच दाखवावी. मागच्या चाकाला दोन्ही बाजूंनी जाळी आणि मुलाला पाय ठेवायला पक्की जागा असल्याशिवाय त्याला मागे बसवू नये. हीच जाळी साडीचा पदर, ओढणी आणि परकर यांनाही चाकापासून दूर ठेवते. ओढणी चाकात गुंतून गळ्याला फास बसू शकतो. सायकलीवर बसण्यापूर्वी ती कमरेला बांधून घ्यावी.

तिसरी गोष्ट चेनची. चेन पुसताना मुले एका हाताने पायडल फिरवतात आणि दुसऱ्या हातात फडके धरतात. फडके दात्यांत ओढले जाते, त्याबरोबर बोटही. पेर तुटलेली बोटे मी शिवली आहेत. फडके नेहमी चेनच्या खालच्या पट्टीवर, दात्यांपासून दूर धरावे आणि पायडल उलटे, सावकाश फिरवावे. एक फिरवतो आणि दुसरा पुसतो असे तर कधीच करू नये. चेनकव्हर हे केवळ कपडे काळे होऊ नयेत म्हणून नसते, तेव्हा मोडले म्हणून काढून फेकू नका.

चौथी गोष्ट मापाची. "वाढत्या अंगाचा आहे, मोठीच घेऊ" म्हणून शर्ट घ्यावा, सायकल घेऊ नये. सायकलीच्या दांड्यावर दोन्ही बाजूंना पाय टाकून मूल उभे राहिले, तर दांडा आणि जांघ यांत निदान इंचभर जागा हवी. शाळकरी मुलींना मानव विकास कार्यक्रमातून सायकली मिळतात. आठवीत बसवलेली सीट बारावीपर्यंत तशीच राहते असे मी पाहतो. मूल वाढते, सीटही वाढवली पाहिजे. दर सहा महिन्यांनी टाचेची चाचणी पुन्हा करावी.

रविवारची दहा मिनिटे

दर रविवारी सायकलीसाठी दहा मिनिटे काढा. दोन्ही टायर दाबून पाहा, त्यांत रुतलेले खडे आणि काचा काढा. दोन्ही ब्रेक ओढून पाहा. चाक धरून डावी-उजवीकडे हलवा. खडखडले तर हबचे कोन सैल आहेत. पुढचा ब्रेक दाबून सायकल पुढे-मागे ढकला. हँडलखाली ठक-ठक लागले तर तेथले कप-कोन आवळून घ्यावे लागतील. चाकाच्या तारा एकेक करून बोटाने छेडा. सैल तार भद्द आवाज देते. एक तार सैल पडली की शेजारच्यांवर ताण येतो, मग त्या तुटतात आणि चाकात आउट येतो. चाकांचे नट आणि सीटचा नट पाना लावून पाहा. पायडल मारताना प्रत्येक फेऱ्याला टक असा आवाज येत असेल तर कॉटर पिन सैल असण्याची शक्यता असते. तशीच चालवत राहिलात तर क्रँकचे भोक खराब होते आणि मग खर्च वाढतो.

चेनला साधारण पंधरा दिवसांनी तेल द्यावे, पावसाळ्यात त्याहून लवकर. आधी कोरड्या फडक्याने धूळ पुसावी, कडीकडीवर एकेक थेंब टाकावा, पायडल उलटे फिरवावे आणि वर राहिलेले तेल पुसून टाकावे. जास्तीचे तेल धूळ धरते आणि ती धूळ कानशीसारखी चेन झिजवते. स्वयंपाकघरातले गोडेतेल वापरू नये. ते काही दिवसांत चिकट होऊन बसते. चेन फार मळली असेल तर डिझेलच्या फडक्याने पुसावी. हे काम चुलीपासून दूर करावे आणि नंतर हात साबणाने धुवावे. चेन वर-खाली दाबली असता सुमारे अर्धा इंच हलावी. फार ताणलेली चेन जड चालते, फार सैल चेन उतरते, आणि जोर लावलेला असताना चेन उतरली की माणूस दांड्यावर आपटतो.

वर्षातून एकदा, पावसाळा संपल्यावर, मिस्त्रींकडून ओव्हरहॉलिंग करून घ्यावे. हब, पायडलचा मधला ॲक्सल आणि हँडलचे कप उघडून जुने ग्रीस काढले जाते, खड्डे पडलेले छर्रे बदलले जातात आणि नवे ग्रीस भरले जाते. हे काम घरी करू नये असे नाही; पण कोन किती आवळायचा हे हाताला कळावे लागते. एक लक्षात ठेवा : डाव्या पायडलची आटी उलटी असते. हे ठाऊक नसल्याने पुष्कळांनी क्रँकची आटी घालवली आहे.

सुटे भाग निवडताना

दुकानात गेल्यावर रंग आणि चकाकी पाहून भाग घेतले जातात. काय बघावे ते थोडक्यात सांगतो.

टायर घेताना जुन्या टायरवरचे सगळे आकडे लिहून न्या. २६ × १ ३/८ आणि २६ × १.७५ हे दोन्ही "सव्वीसचे" टायर म्हणून ओळखले जातात. पण पहिला ५९० मिलिमीटरच्या रिमला बसतो आणि दुसरा ५५९ मिलिमीटरच्या. एकमेकांच्या जागी ते चालत नाहीत.

रिम बदलायची वेळ आली तर ॲल्युमिनियमची घ्या. वजन कमी आणि पावसात ब्रेक लोखंडी रिमपेक्षा पुष्कळ चांगला लागतो. जुन्या रॉडब्रेकच्या सायकलीचे गट्टे मात्र रिमच्या आतल्या अंगाला लागतात. तिला तिच्याच पद्धतीची रिम लागते.

चेन बदलायची की नाही हे फूटपट्टीने ठरवता येते. नव्या चेनमध्ये पिनेपासून पिनेपर्यंत अर्धा इंच अंतर असते, म्हणजे २४ अंतरे मिळून बरोबर १२ इंच. जुन्या चेनमध्ये हीच लांबी इंचाच्या आठव्या भागाने, म्हणजे मिस्त्रींच्या भाषेत एका सुताने वाढली असेल, तर चेन बदलावी. तशीच वापरली तर ती फ्रीव्हीलचे दातेही खाते.

गुडघे नाजूक असतील किंवा गावात चढ असेल तर फ्रीव्हीलचा विचार करा. समजा, पायडलजवळच्या मोठ्या चक्रीला ४४ दाते आहेत आणि मागच्या फ्रीव्हीलला १८. पायडलच्या एका फेऱ्यात चाक सुमारे २.४ वेळा फिरते. मागे २२ दात्यांचे फ्रीव्हील बसवले तर ते २ वेळाच फिरते. वेग थोडा कमी होतो, पण पायडल हलके लागते आणि गुडघ्यावरचा जोर कमी होतो. चेनला एखादी कडी वाढवावी लागते, एवढेच. गिअरची सायकल असेल तर जड गिअरवर ताकद दाखवू नये. हलक्या गिअरवर, मिनिटाला ६० ते ८० फेरे पडतील अशी चालवावी. चढ दिसताच, जोर लावण्याआधी गिअर बदलावा.

सीट फार मऊ नसावी. स्पंजात माणूस रुततो आणि अर्ध्या तासाने जास्त दुखते. बसण्याची दोन हाडे नीट टेकतील इतकी रुंद आणि मध्यम कडक सीट चांगली. तेच शॉकअपचे. स्वस्त सायकलीचे शॉकअप वजन वाढवतात आणि पायातली ताकद खातात. साध्या डांबरी रस्त्यावर त्यांची गरज नसते.

मागे लाल आणि पुढे पांढरा रिफ्लेक्टर, पायडलना पिवळे, अंधारात दिवा, आणि डोक्यावर हेल्मेट. यांत निवड करण्यासारखे काही नाही, ते असायलाच हवे. मधुमेहाच्या रुग्णांनी बोटे झाकलेली पादत्राणे घालावीत, परतल्यावर तळपाय पाहावेत, आणि इन्शुलिन किंवा साखर उतरवणाऱ्या गोळ्या चालू असतील तर खिशात साखरेची पुडी ठेवावी. पडून खरचटले तर जखम साबण आणि स्वच्छ पाण्याने धुवावी आणि धनुर्वाताच्या इंजेक्शनचे विचारून घ्यावे. जखमेवर हळद किंवा चेनचे तेल, काहीही चोपडू नये.

आता गुरुजींचे राहिलेच. त्या दिवशी मी मिस्त्रींना सांगितले की ही सायकल विकू नका. गुरुजींना दुकानात बोलावले आणि माझी चूक त्यांच्यासमोर कबूल केली. मिस्त्रींनी त्यांना सीटवर बसवले, टाच पायडलवर ठेवायला लावली, आणि चार आठवड्यांत अर्धा-अर्धा इंच करत सीट दोन इंच वर आली. गट्टे बदलले, फ्रीव्हील २२ दात्यांचे बसवले. पहिला आठवडा रोज दहा मिनिटे, मग पंधरा, असे करत दोन महिन्यांत गुरुजी अर्ध्या तासावर आले. गुडघे दुखले नाहीत. साखर खाली आली आणि मी वाढवलेला डोस मलाच पुन्हा कमी करता आला. वेदनाशामक गोळ्याही सुटल्या. मधुमेही माणसाच्या मूत्रपिंडासाठी तेही फार चांगले झाले.

परवा गुरुजी दवाखान्यासमोर सायकल लावत होते. मी म्हणालो, "काय गुरुजी, आज काय दुखतंय?" ते म्हणाले, "मला काही नाही. मागच्या चाकाचा आउट काढायला चाललोय. वाटेत दवाखाना लागला म्हणून रक्तदाब बघून घ्यावा म्हटलं."

हा क्रम मला आवडला. तुमच्या घरातही एखादी सायकल भिंतीला टेकून, धूळ खात उभी असेल. आज सीटवर बसून टाच पायडलला लावून पाहा. सुरुवात तेवढीच पुरे.